कॉर्नफ्लेक्स खरंच 'त्या' कारणासाठी शोधले का? धर्माचा आणि नाश्त्याचा काय संबंध?

औंधरोडचा_बंड्या:

मंडळी, शाळेच्या ग्रुपवर परत एकदा तो फॉरवर्ड फिरतोय, की कॉर्नफ्लेक्स मुळात पोरांनी हस्तमैथुन करू नये म्हणून केलॉग नावाच्या एका धार्मिक अमेरिकन डॉक्टरने शोधून काढले. ग्रुपवर तीन डॉक्टर आहेत, तिघांनी हसणारे इमोजी टाकून विषय संपवला. प्रॉब्लेम असा झाला की माझ्या बारावीतल्या मुलीने तो फोन बघता बघता वाचला आणि विचारलं, बाबा हे खरं आहे का? आता काय सांगणार.

अजून एक कारण म्हणजे आम्ही लहानपणी औंध रोडला राहायचो, बाबा सायकलवरून स्पायसर कॉलेजच्या बेकरीतला ब्राऊन ब्रेड आणायचे, इतका घट्ट की चहात बुडवला तरी मोडायचा नाही आणि आम्ही भावंडं त्याला वीट म्हणायचो. शनिवारी गेलं की सगळं बंद. आई सांगायची, ते शनिवारवाले ख्रिश्चन, मांस खात नाहीत, चहासुद्धा पीत नाहीत. आम्हाला ते फारच अजब वाटायचं, कारण आमच्या वर्गातला डिसूझा तर डब्यात कायम काहीतरी भारी आणायचा. परवा कळलं की हा केलॉग त्याच पंथातला. तर जाणकारांनी सांगा, खरं किती आणि ख्रिस्ती लोकांना मांस, चहा सोडायची बुद्धी कुठून झाली?

पोथीबहाद्दर:

बंड्याशेठ, तुमचा फॉरवर्ड अर्धा खरा आहे, आणि अर्धं खरं निस्तरायला जास्त वेळ लागतो.

डॉ. जॉन हार्वी केलॉगने हस्तमैथुनाविरुद्ध पानंच्या पानं लिहिलीत हे खरं, त्यावर सुचवलेले काही उपाय (भूल न देता सुंता वगैरे) वाचवत नाहीत. मसाला आणि मांस वासना चाळवतात, साधं सपक खा, हेही तो सांगायचा. पण फ्लेक्स जन्मले ते वेगळ्या भानगडीतून. मिशिगनमधल्या बॅटल क्रीक गावात त्याचं मोठं आरोग्यधाम होतं, तिथल्या पोट बिघडलेल्या पेशंटांना पचायला हलकं काहीतरी हवं होतं. १८९४ मध्ये गहू शिजवून ठेवले, दुसरं काम निघालं, गहू तसेच राहिले आणि शिळे झाले. टाकायचे कशाला म्हणून रोलरमधून काढले तर अख्ख्या पापुद्र्याऐवजी एकेक दाणा सुटा, चपटा होऊन पडला, मग तो भाजला. म्हणजे आपले पोहेच की हो, फक्त गव्हाचे! १८९६ मध्ये पेटंट मिळालं, त्यात आजारी माणसाला मानवेल, पचेल असं अन्न अशीच भाषा आहे. मक्याचे फ्लेक्स नंतरचे. त्यात साखर घालून धंदा केला तो धाकट्या भावाने, विल केलॉगने, १९०६ मध्ये कंपनी काढून. डॉक्टरला साखर म्हणजे पाप, त्यामुळे भाऊबंदकी पार कोर्टापर्यंत गेली. खोक्यावरची सही धाकट्याची आहे.

आता धर्माचं. याची मुळं केलॉगच्या आधी दोन पिढ्या. सिल्व्हेस्टर ग्रॅहम नावाचा एक प्रेस्बिटेरियन पाद्री होता (१७९४ ते १८५१), सुरुवात दारूबंदीच्या व्याख्यानांनी केली आणि हळूहळू मांस, मसाले, कॉफी, मऊ गाद्या सगळ्यांवर घसरला. त्याचं म्हणणं, शरीराचे नियम देवानेच घातलेत, ते मोडणं म्हणजे देवाची आज्ञा मोडणं. मैद्याचा ब्रेड तर त्याला अजिबात चालायचा नाही, कोंड्यासकट दळलेल्या पिठाचा घरी भाजलेला हवा. तुमच्या स्पायसरच्या विटेचा हा खापरपणजोबा समजा. १८३७ मध्ये बॉस्टनला त्याच्या व्याख्यानावर बेकरीवाले आणि खाटीक चालून आले, तेव्हा याच्या भक्तांनी वरच्या मजल्यावरून फावड्याने विझवलेला चुना खाली ओतला. शाकाहारावरून दंगल फक्त आपल्याकडेच होते असं वाटत असेल तर सोडून द्या.

मग १८४४. विल्यम मिलर नावाच्या शेतकरी प्रवचनकाराच्या गणितावरून हजारो लोक २२ ऑक्टोबरला येशू परत येणार म्हणून वाट बघत बसले. आला नाही. त्या निराश मंडळींच्या एका गटातून सेव्हन्थ डे अ‍ॅडव्हेंटिस्ट चर्च उभं राहिलं, शनिवारचा शब्बाथ (देवासाठी राखलेला सुट्टीचा दिवस) पाळणारं. त्यांच्या एलन व्हाइट या बाईंना दृष्टांत व्हायचे. ५ जून १८६३ ला, ऑटसीगो गावात एका शेतकऱ्याच्या घरी, त्यांना आरोग्याचा दृष्टांत झाला. तंबाखू, दारू, चहा, कॉफी, मांस, औषधं सोडा, पाणी, हवा, ऊन, व्यायाम धरा, आणि हे धर्मकर्तव्य समजा. १८६६ मध्ये बॅटल क्रीकला त्यांची आरोग्यसंस्था सुरू झाली, १८७६ मध्ये ती २४ वर्षांच्या केलॉगच्या ताब्यात आली. हा पोरगा बारा वर्षांचा असताना त्याच चर्चच्या छापखान्यात खिळे जुळवायचा, बाईंच्या आरोग्यपुस्तिकांचे. जुळवता जुळवता वाचत गेला.

सावंतवाडीचा_राणे: शिळे गहू टाकवेनात म्हणून शोध लागला. हा केलॉग नक्की कोकणातलाच.

डॉ_रिटायर्ड:

पोथीबहाद्दरांनी छान लिहिलंय, पण एक बाजू राहिली. लोकांनी 'औषध सोडा' हे इतक्या आनंदाने का ऐकलं? कारण तेव्हाची आमची जमात. ४० वर्षं प्रॅक्टिस करून सांगतो, मी त्या काळात असतो तर मी पण ग्रॅहमचा कोंडा खाल्ला असता.

रक्त काढणं आणि कॅलोमेल हे दोन मुख्य उपाय. कॅलोमेल म्हणजे पाऱ्याचं क्षार, जुलाबासाठी द्यायचे, आणि पेशंटच्या तोंडातून लाळ गळायला लागली की डोस लागू पडला असं समजायचे! खरं तर ती पाऱ्याची विषबाधा. हिरड्या सुजायच्या, दात पडायचे, लहान मुलांचं गालफड सडल्याची वर्णनं आहेत. जॉर्ज वॉशिंग्टनचं १७९९ मध्ये घसा सुजून निधन झालं, त्या शेवटच्या दिवसात त्याचं अडीच लिटरच्या आसपास रक्त काढलं होतं, वर कॅलोमेलही होतंच. १८६० मध्ये ऑलिव्हर वेंडेल होम्स, स्वतः हार्वर्डचा प्रोफेसर, डॉक्टरांच्या सभेत म्हणाला की सध्याची जवळपास सगळी औषधं समुद्रात बुडवली तर माणसांचं भलं होईल आणि माशांचं वाईट.

आता तारखा बघा, मला यात फार गंमत वाटते. ४ मे १८६३, अमेरिकेत यादवी युद्ध पेटलेलं, सैन्याचा सर्जन जनरल विल्यम हॅमंड हुकूम काढतो की सैन्याच्या औषधयादीतून कॅलोमेल काढून टाका. डॉक्टर खवळले, पुढच्या वर्षी कोर्ट मार्शल होऊन त्याला घालवला (कारणं वेगळी दाखवली, पण हा राग होताच). २१ मे ला बॅटल क्रीकमध्ये अ‍ॅडव्हेंटिस्ट चर्चची रीतसर स्थापना. ५ जूनला बाईंचा दृष्टांत. महिन्याभरात एकच गोष्ट एक सरकारी डॉक्टर बोलला आणि एक जेमतेम तिसरीपर्यंत शिकलेली बाई बोलली. डॉक्टरची नोकरी गेली आणि बाईंची हॉस्पिटलं जगभर झाली. का, तर मला वाटतं लोक हुकुमाने सवयी बदलत नाहीत, देवाचं नाव आलं की उपास सुद्धा करतात. आमचे डायबेटिसचे पेशंट बघा, मी दहा वेळा सांगून भात सुटत नाही आणि चातुर्मासात कांदा लसूण मात्र बरोब्बर सुटतो.

चिकित्सक_चंपा:

डॉक्टरकाका, पटलं, पण 'दृष्टांत' हा शब्द इतक्या सहज नका गिळू. दृष्टांताच्या पाच महिने आधी, जानेवारी १८६३ मध्ये, एलनबाईंच्या दोन मुलांना घटसर्प झाला होता. तेव्हा न्यूयॉर्क राज्यातल्या डॅन्सव्हिलच्या डॉ. जेम्स जॅक्सनचा एक लेख पेपरात त्यांच्या हाती लागला, ओल्या कपड्यात गुंडाळा, भरपूर हवा द्या वगैरे जलोपचार. मुलं वाचली, आणि नवऱ्याने तो लेख आपल्या चर्चच्या पेपरात परत छापला. म्हणजे पाण्याचा उपाय घरात आधीच पोचला होता. बाई म्हणायच्या मी त्या लोकांची पुस्तकं आधी वाचलीच नव्हती, मला दिसलं ते लिहिलं. १९७६ मध्ये रोनाल्ड नंबर्स या इतिहासकाराने शेजारी शेजारी उतारे ठेवून दाखवलं की ग्रॅहम, जॅक्सन वगैरेंशी किती जुळतं. तो स्वतः अ‍ॅडव्हेंटिस्ट पाद्र्याचा मुलगा, त्यांच्याच मेडिकल कॉलेजात शिकवायचा, ती नोकरी त्याच्या हातून गेली.

पण मी बाईंना नुसतं ढोंगी म्हणणार नाही. त्याच वर्षी डिसेंबरात त्यांचा १६ वर्षांचा मोठा मुलगा हेन्री न्यूमोनियाने गेला, नेहमीच्या डॉक्टरच्या औषधावर. दोनच महिन्यांनी धाकट्या विलीला तेच दुखणं झालं तेव्हा डॉक्टरला बोलावलंच नाही, पाण्याचे उपचार केले आणि तो जगला. एक मुलगा गेलेली आई यातून काय धडा घेणार? दोन मुलांवरून काही सिद्ध होत नाही हे आपण लॅपटॉपसमोर बसून बोलतो. मला राग आहे तो नंतरच्या गोष्टींचा. केसांच्या गंगावनाने डोकं तापून वेड लागतं असं सुद्धा छापलं बाईंनी.

आणि मांसाचं म्हणाल तर १८८२ मध्ये सुनेला लिहिलेल्या पत्रात ताजे मासे आणि डब्यातली चांगली कालवं मिळाली तर घेऊन ये असं सांगितलंय! दृष्टांताला १९ वर्षं झाली होती. मांस पक्कं सोडलं १८९४ च्या सुमारास, ऑस्ट्रेलियात असताना.

सावंतवाडीचा_राणे: कालवं!! बाईंबद्दल आदर एकदम वाढला.

रेडलँड्सची_वैनी:

मी कॅलिफोर्नियातल्या लोमा लिंडापासून दहा मिनिटांवर राहते म्हणून लिहिते. हे अ‍ॅडव्हेंटिस्टांचं इथलं मोठं केंद्र, १९०५ मध्ये त्यांनी ही टेकडीवरची जागा विकत घेतली, आता युनिव्हर्सिटी आणि हॉस्पिटल आहे. म्हणजे औषधं सोडा म्हणणाऱ्यांच्याच पुढच्या पिढ्यांनी मेडिकल कॉलेज काढलं, आणि १९८४ मध्ये इथेच एका तान्ह्या मुलीला बबून माकडाचं हृदय बसवलं होतं, जगभर गाजलं होतं ते (जेमतेम तीन आठवडे जगली बिचारी). कुठून कुठे बघा.

माझी शेजारीण पंचाऐंशीची आहे, चर्चला स्वतः गाडी चालवत जाते. एका शनिवारी मला पॉटलकला घेऊन गेली, तिथे 'हेस्टॅक' नावाचा प्रकार असतो, कॉर्न चिप्स, त्यावर उसळीसारखे बीन्स, वर चिरलेलं लेट्यूस, टोमॅटो, चीज. अहो ही तर भेळेची चुलत बहीण! मी म्हटलं वर चिंचेची चटणी घालू का, तर म्हणाली घाल की, मिरची मात्र वेगळी ठेव.

यांच्या आयुष्यावर खूप अभ्यास झालाय, १९५८ पासून. एका मोठ्या अभ्यासात कॅलिफोर्नियातले अ‍ॅडव्हेंटिस्ट पुरुष इतर कॅलिफोर्नियन पुरुषांपेक्षा ७.३ वर्षं आणि बायका ४.४ वर्षं जास्त जगतात असं निघालं. पण ही मंडळी सिगरेट ओढत नाहीत, दारू नाही, चालायला जातात, आठवड्यातून एक दिवस पूर्ण सुट्टी आणि गोतावळा पक्का. यातलं भाजीपाल्याचं श्रेय किती आणि शनिवारच्या झोपेचं किती, कोण जाणे. आमच्या घरी शनिवारी पण लॅपटॉप उघडे.

पोथीबहाद्दर:

चंपाताईंच्या मुद्द्याला जोड. पंथ आणि डॉक्टर यांचं शेवटी फाटलंच. १८ फेब्रुवारी १९०२ ला बॅटल क्रीकचं आरोग्यधाम जळून खाक झालं. बाईंचं मत लहान संस्था ठिकठिकाणी काढा, केलॉगने मात्र आधीपेक्षा मोठी, आलिशान इमारत उभी केली. वर त्याचं लिखाण देव प्रत्येक झाडापानात, प्रत्येक पेशीत आहे असं व्हायला लागलं, जे आपल्याला फार ओळखीचं वाटेल पण त्यांना पाखंड वाटलं. १९०७ मध्ये चर्चने काढून टाकला. तरी हेन्री फोर्ड, एडिसन, वैमानिक अमेलिया इअरहार्ट अशी माणसं तिथे येतच राहिली, दह्याचा एनिमा घ्यायला. हो, दह्याचा. अर्धं खायचं आणि उरलेलं दुसऱ्या बाजूने.

डॉ_रिटायर्ड: बस्ती म्हणा की सरळ. आणि केलॉगची एक काळी बाजू कोणी काढली नाही म्हणून मीच काढतो. १९१४ मध्ये त्याने बॅटल क्रीकला वंशसुधारणेची परिषद भरवली, कोणी मुलं जन्माला घालावीत आणि कोणी नाही असले विचार. स्वतः मात्र चाळीसेक अनाथ मुलं सांभाळली. माणूस एका खणात बसत नाही. हस्तमैथुनाच्या जोकपेक्षा हे फॉरवर्ड व्हायला हवं होतं.

औंधरोडचा_बंड्या:

सगळ्यांचे आभार, एवढं येईल वाटलं नव्हतं. मुलीला पोथीबहाद्दरांचा पहिला प्रतिसाद वाचायला दिला. तिने ग्रुपच्या वतीने निकाल दिला की 'डॉक्टरचं वेड खरं, फ्लेक्सचं कारण खोटं', आणि मला ते तसंच्या तसं ग्रुपवर टाकायला लावलं. तिघा डॉक्टरांपैकी एकाने थम्स अप दिला, बाकी दोघं गप्प.

आईला फोनवर विटेचा खापरपणजोबा सांगितला. ती म्हणाली, तो ब्रेड तुझ्या बाबांच्या बद्धकोष्ठासाठी आणायचो, धर्मासाठी नाही.

आणि आमच्या सासूबाई मालवणच्या, त्यांना कालवांचं पत्र वाचून दाखवलं तर एवढंच म्हणाल्या, "डब्यातली? शी."