कोरियन सिनेमाचा निर्माता घडतो कसा?

टॉकीजवेडा: 'पॅरासाइट'चं ऑस्कर २०२० मध्ये दिग्दर्शक बाँग जून-हो यांच्यासोबत निर्मात्या क्वाक शिन-ए यांनीही घेतलं. पण पैसा तर सीजे या बड्या कोरियन मनोरंजन कंपनीचा होता. मग निर्मात्याचं काम काय आणि त्या जागेपर्यंत माणूस पोचतो कसा?

रीळमास्तर: निर्माता कथेचे हक्क घेतो, पटकथा लिहून घेतो, दिग्दर्शक आणि नट जुळवतो, मग गुंतवणूकदाराकडे जातो. पटकथेची वर्षं सगळ्यात जोखमीची, कारण नटाने नकार दिला की गुंतवणूकही सुटते आणि तोवरचा खर्च निर्मात्याच्या कंपनीच्या अंगावर राहतो.

वाटा मुख्यतः दोन. पहिली प्रॉडक्शन विभागातून: सुरुवातीला लोकेशन शोधणं, पार्किंग, रहदारी थांबवणं, जेवणाची गाडी, कचरा, पुढे हिशेब आणि वेळापत्रक, मग प्रॉडक्शन मॅनेजर. दुसरी प्रसिद्धीतून. शिम जे-म्युंग जाहिरात-प्रसिद्धीतून आल्या, १९९५ मध्ये ली उन यांच्यासोबत म्युंग फिल्म्स ही निर्मिती कंपनी काढली आणि २००० मध्ये 'जॉइंट सिक्युरिटी एरिया' हा चित्रपट केला. क्वाक आधी 'किनो' या चित्रपट मासिकात पत्रकार होत्या. पटकथा पारखायला दुसरी वाट जास्त शिकवते, असं माझं ठाम मत आहे.

हिशेबनीस: कमाईचं ढोबळ गणित. तिकीट १०,००० वॉनचं धरा. कर, शिवाय चित्रपट निधीचे ३ टक्के, असं दोन्ही वजा जाता साधारण ८,८०० उरतात. निम्मे थिएटरचे. उरलेल्या ४,४०० मधून वितरकाचे १० टक्के गेले की हातात जेमतेम ४,०००. निर्मिती आणि प्रसिद्धी मिळून खर्च ८०० कोटी वॉन असेल तर २० लाख तिकिटं खपेपर्यंत नफा शून्य. त्यापुढच्या नफ्यात प्रचलित वाटणी गुंतवणूकदार ६०, निर्मिती कंपनी ४०.

टॉकीजवेडा: आणि बजेट ओलांडलं तर?

हिशेबनीस: ४० कोटी वॉन वाढले की आणखी एक लाख तिकिटं. शिवाय जादा खर्च कंपनीच्या वाट्यातून कापायची अट करारात असू शकते, ते कलम आधी वाचावं.

रीळमास्तर: बजेट बहुधा दिवसांवर फुटतं. आठवड्याला ५२ तास कामाची मर्यादा २०१८ पासून टप्प्याटप्प्याने आली. रात्रभर शूटिंग ओढून दिवस वाचवायची जुनी सोय गेली, हे चांगलंच झालं. पण शूटिंगचे दिवस वाढतात, त्यासोबत उपकरणांचं भाडं आणि जेवणखर्चही. म्हणून अवघड प्रसंगांचा खर्च पटकथेवरच मांडावा लागतो. 'पॅरासाइट'मधली पुराची गल्ली सोलजवळच्या गोयांग शहरातल्या स्टुडिओत पाण्याच्या टाकीत उभारली होती. असा सेट आयत्या वेळी उभा राहत नाही.