श्रवणसभेनंतर: नोरा जोन्सची पहिली टेप

क-१०१ (श्रवणसभेच्या संयोजक)
सर्वांना नमस्कार. काल एवढा पाऊस असूनही आपण सभागृहात आलात, याबद्दल मनापासून आभार. नोरा जोन्सची गाणी ऐकून खाली उतरताना जिन्यात दोघातिघांनी एकच शंका काढली, की पंडित रविशंकर यांची मुलगी नसती तर तिला एवढे नाव मिळाले असते का? ब-२०४ मधील काकांची उभी नोकरी आकाशवाणीत ध्वनिमुद्रण करण्यात गेली आहे. त्यांनी यावर सविस्तर लिहावे, अशी विनंती आहे.

ब-२०४
ताई, शंका रास्त आहे, पण तिची ध्वनिमुद्रणे कशी झाली हे पाहिले की मला ती टिकणारी वाटत नाही. नोराचा जन्म १९७९ चा, न्यूयॉर्कमधला. ती वाढली मात्र टेक्सासमध्ये, आईजवळ, आणि सोळाव्या वर्षी तिने कायदेशीररीत्या नाव बदलून घेतले, तेव्हा त्यातले 'शंकर' गेले. विद्यापीठात ती जॅझ पियानो शिकली. १९९९ मध्ये न्यूयॉर्कला आली आणि हॉटेलांतून, छोट्या क्लबांतून गात राहिली. वडिलांच्या नावावर पुढे जायचे असते, तर ते नाव तिने आधीच का सोडले असते?

आता मला जे खरे सांगायचे आहे, ते त्या पहिल्या टेपबद्दल. २००० साली तिने न्यूयॉर्कच्या 'सॉर्सरर साउंड' स्टुडिओत, जे न्यूलँड या ध्वनिमुद्रकाबरोबर, काही गाणी केवळ नमुना म्हणून मुद्रित केली. 'ब्लू नोट' ही १९३९ पासूनची जॅझची कंपनी, तिचे प्रमुख ब्रूस लंडवॉल यांनी तिला करारबद्ध केले. नंतर दुसऱ्या निर्मात्याबरोबर, शहराबाहेरच्या मोठ्या स्टुडिओत, अधिक वाद्ये घेऊन अख्खी तबकडी बांधण्याचा प्रयत्न झाला. ते काम ऐकल्यावर कंपनीला वाटले, की नमुन्याच्या टेपमध्ये जो जीव होता, तो यात उरलेला नाही. मग आरिफ मार्डिन या मुरलेल्या निर्मात्याला बोलावले गेले. हे मूळचे इस्तंबूलचे, अरीथा फ्रँकलिनसारख्या गायिकांबरोबर काम केलेले. त्यांना नवे काहीतरी करून दाखवण्याचा मोह सहज झाला असता, पण त्यांनी तो मोकळा, साधा बाज राखला. 'डोन्ट नो व्हाय' हे जेसी हॅरिसचे गाणे आज जसे आपण ऐकतो, त्याचा गाभा त्या नमुन्याच्या टेपमधलाच आहे. त्यावर पुढे काही पूरक आवाज चढवले गेले, इतकेच.

माझ्या नोकरीतला एक प्रसंग इथे सांगतो. राजापूरकडचे एक भजनी मंडळ आले होते. माइकचे अंतर ठरवण्यासाठी मी बुवांना म्हटले, "बुवा, नुसती एक ओळ गा." बुवांनी डोळे मिटले, पेटीचा भाता हळू ओढला आणि अख्खा अभंग म्हटला. टाळकरी अजून टाळ पुसत होते, म्हणून टाळ नव्हतेच, पखवाजही अर्ध्या हाताने वाजत होता. नंतरचे तीन टेक व्यवस्थित झाले, पण पहिल्यात जो गळा होता तो पुन्हा लागला नाही. सुदैवाने माझे स्पूल फिरत होते, आणि आम्ही प्रसारित केले ते तेच. म्हणून सांगतो, हाती आलेली चांगली टेप ओळखायला कान लागतो, आणि ती न बिघडवता पुढे न्यायला संयम लागतो.

अ-३०२
काका, लिहिलेत ते पटले. तरीही नम्रपणे विचारतो, याला जॅझ म्हणावे का? मला ते शांत, गोड सुगम संगीत वाटले.

ब-२०४
सुगम म्हणायला हरकत नाही. ती पॉप गाते, पण हात जॅझचा आहे. तिचा पियानो ऐका. दोन ओळींच्या मध्ये आपल्याला वाटते की आता इथे एक तान, एक जागा येणार, आणि ती तिथे दोन स्वर ठेवून थांबते. काल शेवटी लागले ते 'द नीअरनेस ऑफ यू' होगी कारमायकेलचे जुने गाणे आहे, आणि त्यात फक्त तिचा आवाज आणि तिचाच पियानो आहे. लपायला दुसरे वाद्यच नाही. बावीस-तेवीस वर्षांच्या मुलीने ते पेलले, याचे मला आजही कौतुक वाटते.

ही पहिली तबकडी, 'कम अवे विथ मी', फेब्रुवारी २००२ मध्ये आली, आणि पुढच्या वर्षीच्या ग्रॅमीमध्ये तिला आठ पुरस्कार मिळाले, त्यांतले पाच स्वतः नोराचे. अडीच कोटींहून अधिक प्रती खपल्या. २००४ ची दुसरी तबकडी अमेरिकेत पहिल्याच आठवड्यात दहा लाखांवर गेली. एवढे झाल्यावर तेच तेच करत राहणे सोपे होते. तिने २०१२ मध्ये डेंजर माउस या निर्मात्याबरोबर अगदी वेगळ्या, काळोख्या ध्वनीची तबकडी केली. २०१६ च्या 'डे ब्रेक्स'मध्ये ती पुन्हा पियानोकडे वळली आणि सॅक्सोफोनवर वेन शॉर्टर यांच्यासारखा दिग्गज साथीला होता. २०२४ च्या 'व्हिजन्स'लाही ग्रॅमी मिळाले.

वडिलांचा विषय निघालाच आहे, तर एक सांगतो. पंडितजी डिसेंबर २०१२ मध्ये गेले. पुढच्या वर्षी अनुष्काची 'ट्रेसेस ऑफ यू' आली, त्यात नोरा तीन गाणी गायली आहे. बहिणीच्या सतारीशेजारी तिचा आवाज त्याच मोकळ्या, हलक्या पद्धतीने बसतो. ती तिन्ही गाणी वडिलांच्या आठवणीत ऐकावीत, असे मला वाटते.

क-१०१
काका, पुढच्या रविवारी तीच तीन गाणी लावू या का? एक अडचण आहे. काल नवव्या गाण्यावर तबकडी अडकली, ती बाहेर काढून पाहिली, तर खालच्या बाजूस बुरशीचे पांढरे ठिपके आले आहेत.

ब-२०४
आपल्या दमट, खाऱ्या हवेत ते होणारच. सौम्य साबणाच्या कोमट पाण्यात बुडवा, मऊ सुती कापडाने मधून कडेकडे पुसा, गोल फिरवू नका, आणि सावलीत वाळवा. ठिपके आतपर्यंत गेले नसतील तर वाजेल. अनुष्काची तबकडी माझ्याकडे आहे, कोरड्या डब्यात ठेवलेली. रविवारी पाच वाजता घेऊन येतो.