मदत हवी आहे: चोपणात उगवलेलं, हरभऱ्यासारखं दिसणारं हे झुडूप कोणतं?

चोपणवाला:
नमस्कार मंडळी. नोकरीमुळं मी लातूरला असतो. शेत पाथरी तालुक्यात, जायकवाडीच्या डाव्या कालव्याखाली. कालवा आला तसा ऊस आला, उसाला मोकाट पाणी दिलं आणि नाल्याकडचा सखल तुकडा हातचा गेला. असेल पंधरा गुंठे. उन्हाळ्यात तिथं पीठ सांडल्यासारखं पांढरं फुटतं, पावसाळ्यात पाय रुततो. ज्वारी पेरली तर वीतभर होऊन पिवळी पडते. आजोबा त्याला चोपण म्हणायचे.

परवा सकाळी सहज तिकडं गेलो तर चप्पल ओली झाली. बांधावरचं गवत मात्र कोरडं! वाकून बघितलं. वीतभर उंचीचं, फांद्या पसरलेलं, राखेच्या रंगाचं झुडूप. पानं तांदळाच्या दाण्याहून जराशी मोठी, दाटीवाटीनं बसलेली, त्यांवर बारीक लव. पानापानावर थेंब. शेंड्याला ज्वारीच्या दाण्याएवढी पांढरी फुलं, काहींना गुलाबी झाक.

आई म्हणाली, "हरभराच हाय, रानटी झालाय." आमच्याकडं थंडीत हरभऱ्यावर रात्री धोतर पसरायचे आणि पहाटे पिळून आंब काढायचे, पोटदुखीवर. तेच आठवलं आणि नको तो शहाणपणा केला, एक पान जिभेला लावलं. आंबट अजिबात नाही. खडा मीठ चाटल्यासारखं खारट.

आता घाई अशी की काका पाडव्यानंतर तिथं जिप्सम टाकून ट्रॅक्टर घालणार आहेत. आमच्या शिवारात हे दुसरीकडं कुठंच दिसलं नाही. हे आहे काय? दुर्मीळ असेल तर काढून कुंडीत लावता येईल का?

रानवेडी:
दादा, आधी एक सांगते, अनोळखी झाड तोंडात घालत जाऊ नका!
वर्णन वाचून रुदंती वाटतेय. शास्त्रीय नाव क्रेसा क्रेटिका. पानांतल्या ग्रंथी जास्तीचं मीठ बाहेर टाकतात, ते मीठ रात्री हवेतला ओलावा ओढतं आणि सकाळी झाड रडल्यासारखं दिसतं. म्हणून रुदंती. जुन्या निघंटूंतही (आयुर्वेदातल्या वनस्पतींच्या कोशांतही) हरभऱ्यासारखी पानं आणि थंडीत गळणारे थेंब अशीच तिची ओळख दिलीय, त्यामुळं आईंचं फार चुकलं नाही. कुळ मात्र रताळ्याचं. खात्रीसाठी फूल भिंगाखाली धरा: पाच पाकळ्या, बाहेर डोकावणारे पाच पुंकेसर आणि मधे दोन वेगळ्या कुक्षीवृंत्या, म्हणजे स्त्रीकेसराच्या बारीक काड्या.

जगाच्या हिशेबात ती दुर्मीळ नाही, भूमध्य समुद्राच्या काठापासून आपल्या खाड्यांपर्यंत सापडते. पण काळ्या रानात, समुद्रापासून एवढ्या आत, खारट तुकडा असेल तिथंच. तुकडा गेला की तीही गेली.

वैद्यबुवा:
एक गोंधळ आधीच टाळा. बाजारात क्षयावरचं औषध म्हणून 'रुदंती' नावानं जी फळं विकतात ती बहुधा वाघाटीच्या जातीतल्या एका वेलीची असतात, कॅपॅरिस मूनी. तुमच्या झुडपाशी तिचा संबंध नाही. उगाच कुणी पोतं घेऊन दारात यायला नको.

कालवेकर:
मी जमिनीचं बोलतो. पांढरं फुटतंय म्हणजे ती चोपण नसून खारवट असण्याची शक्यता जास्त. चोपण वेगळी: वाळली की दगड, भिजली की लोणी, सामू (पीएच) 8.5 च्या वर. जिप्सम चोपणाला लागतं, कारण त्यातलं कॅल्शियम मातीला चिकटलेल्या सोडियमला बाजूला सारतं. नुसत्या खारवट जमिनीत ते पैसे पाण्यात. तिथं चर खणायचा, पाण्याला वाट द्यायची आणि पावसाच्या किंवा गोड्या पाण्यानं क्षार धुवायचे. काही जमिनी दोन्ही प्रकारच्या असतात, म्हणून आधी माती तपासा. सामू, क्षारता आणि विनिमययोग्य सोडियम (तेच मातीला चिकटलेलं), तिन्ही बघायला सांगा. क्षारता (ईसी) 4 डेसीसायमन प्रति मीटरच्या वर आली तर खारवट समजा. परभणीचं कृषी विद्यापीठ तुम्हाला लांब नाही.

रानवेडी:
कुंडीचं राहिलं. काढू नका. तिचं मूळ लाकडासारखं आणि खोल असतं, उपटताना तुटतं. बोंडं वाळली की बी गोळा करा, बहुतेक बोंडांत एकच बी असतं. आणि ठेवायचाच असेल तर दोन-तीन गुंठ्यांचा कोपरा जागेवरच ठेवा.

चोपणवाला:
सगळ्यांचे आभार. मुलाच्या भिंगातून फूल बघितलं, मधल्या काड्या दोनच! म्हणजे रुदंतीच. मातीचा नमुना वाळत घातलाय, सोमवारी परभणीला नेतो.

काकांना जिप्समचा खर्च वाचू शकतो एवढंच सांगितलं, फुलाचं नाव काढलं नाही. ते लगेच ऐकून घ्यायला बसले. चर नाल्याच्या बाजूलाच उतरणार, म्हणजे सगळं खारं पाणी त्या कोपऱ्यावरूनच जाणार. तिथं काही पिकणार नाही हे त्यांनाही पटतंय, त्यामुळं तेवढा तुकडा ते सोडायला तयार आहेत. आता एकच विचारायचंय: शेळ्या हिला तोंड लावतात का? कोपऱ्याला काट्या लावायच्या की नाही, ते त्यावर ठरवतो.