उच्चारसाम्य पुरेसं नाही

फारसी 'बद' आणि इंग्रजी 'बॅड' यांचा उच्चारही जुळतो आणि अर्थही, म्हणून मूळ एकच असणार, असा दावा केला जातो. तो पटत नाही. पहलवीत, म्हणजे फारसीच्या जुन्या रूपात, हाच शब्द 'वद' असा होता. म्हणजे मागे जाऊ तसतसं हे साम्य विरत जातं. खरं नातं असेल तर उलट घडायला हवं.

याहून बोलकं उदाहरण ऑस्ट्रेलियातलं आहे. क्वीन्सलंडमधल्या म्बाबारम या आदिवासी भाषेत कुत्र्याला 'डॉग'च म्हणत. भाषाशास्त्रज्ञ डिक्सन यांनी १९६०च्या दशकात ही भाषा नोंदवली, तेव्हा शब्द इंग्रजीतून आला असावा अशी शंका येणं साहजिक होतं. पण शेजारच्या यिडिन भाषेत कुत्रा म्हणजे 'गुडगा', जिर्बलमध्ये 'गुडा'. म्बाबारममध्ये शब्दांचं सुरुवातीचं अक्षर नियमाने गळतं, मूळ शब्द 'ग'ने सुरू होत असेल तर पुढच्या 'अ'चा 'ऑ' होतो आणि शेवटचा स्वरही जातो. 'गुडगा'चा 'डॉग' असा झाला, इंग्रजीचा काडीचाही संबंध नाही.

आता खरे नातलग बघा: शत–हंड्रेड, श्वन्–हाउंड, शृंग–हॉर्न. कानाला अजिबात सारखे वाटत नाहीत, पण या प्रत्येक जोडीत संस्कृत 'श'च्या जागी इंग्रजीत 'ह' येतो. व्युत्पत्ती सांगताना अशी पुन्हापुन्हा जुळणारी जोडी दाखवता आली पाहिजे. गावांच्या आणि माणसांच्या नावांबाबत तर हे जास्तच पाळायला हवं, कारण तिथे पडताळायला अर्थाचाही आधार बहुतेकदा नसतो.