मुलाखत घेताना आपण खोलीत थांबावं का?

पंचवटीकर: काल जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्सचा 'रूम ६६६' हा माहितीपट पाहिला. मे १९८२, कान चित्रपट महोत्सव, हॉटेलची खोली. कॅमेरा हलत नाही. प्रश्न एकच: सिनेमाची भाषा हरवत चाललीय का, ही कला मरणार का? गोदार, फासबिंडर, अँटोनिओनी असे दिग्दर्शक खोलीत एकेकटे बसून कॅमेऱ्याशी बोलतात, विचारणारा समोर नसतो. दिग्दर्शक हर्झॉग तर आधी बूट काढतो, खोलीतला टीव्ही बंद करतो! रात्रभर तेच डोक्यात होतं.

मी नाशिकच्या जुन्या टॉकीजमधल्या प्रोजेक्टर ऑपरेटरांवर माहितीपट करतोय. एक काका, वय ७८, माझ्यासमोर नुसतं "हो, चालायचं तेव्हा" एवढंच म्हणतात. मी बाहेर जाऊन बसू का?

गोदाकाठ: नका जाऊ. त्या दिग्दर्शकांचा जन्म कॅमेऱ्याशेजारी गेलेला. काकांना एकटं सोडलंत तर अवघडतील. हातात कार्बनची कांडी (जुन्या प्रोजेक्टरच्या दिव्यात जळायची ती) द्या, रीळ कसं चढवायचे ते विचारा. हात चालले की माणूस बोलतो.

सिडकोवाली: फासबिंडर त्याच वर्षी जूनमध्ये गेला, अवघ्या ३७व्या वर्षी. पद्धत नंतर ठरवा दादा, आधी आवाज टिपून घ्या.

पंचवटीकर: कांड्या त्यांच्या ट्रंकेत आहेत, दाखवल्या होत्या मला. उद्या सकाळीच जातो.