मदत हवी आहे: वाटपाच्या दाव्यात मध्यस्थीने तडजोड, दाव्याबाहेरचं घर कसं घ्यायचं?

नमस्कार मंडळी. आमचं शेत रावेर तालुक्यात, केळीचं. वडील आणि काकांमध्ये वाटपाचा दावा चालू आहे. आता कोर्टाने दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ प्रमाणे प्रकरण मध्यस्थीकडे पाठवलंय. दोघं एकमेकांसमोर बसून चहा प्यायले, हेच गावात मोठं नवल!

जमिनीवर एकमत झालंय. घोडं अडलंय विहिरीवर. ती काकांच्या हिश्श्यात जाते, मोटरचं वीज मीटर वडिलांच्या नावावर. केळीला उन्हाळ्यात पाण्याचा खाडा चालत नाही, म्हणून 'समजुतीने पाणी घ्यावे' एवढ्यावर मला भागवायचं नाही. पाण्याच्या पाळीचे दिवस, मोटर जळाली तर खर्च कोणाचा, पाइपलाइन कुठून, सगळं लिहून हवंय. कुणाच्या हुकूमनाम्यात (कोर्टाच्या डिक्रीत) असं कलम असेल तर मजकूर टाका, नावं गट नंबर खोडून.

दुसरं, गावातलं जुनं घर दाव्यात नाहीच. दाव्यातल्या मिळकतीपुरत्या तडजोड हुकूमनाम्याला नोंदणी लागत नाही, बाहेरची घातली तर लागते, एवढं माहीत आहे. मग आधी दावा दुरुस्त करून घर आत घ्यावं, की त्याचं वेगळं वाटणीपत्र नोंदवावं? खर्चात काय परवडतं?

दोन्ही आत्या दाव्यात पक्षकार आहेत, मध्यस्थीला त्यांच्याही सह्या होणार. 'आत्यांचं काय एवढं' म्हणणाऱ्यांनी कृपया कमेंट करू नये.

जळगाव-धुळ्याकडे अशी तडजोड झालेल्यांनी किंवा वकील मंडळींनी सांगा. पुढची बैठक लवकरच आहे.