‘पातिसिएर’ला मराठीत काय म्हणावे?

प्रश्न : माझी मुलगी ‘युमेइरो पातिशिएरु’ ही २००९ साली सुरू झालेली जपानी अ‍ॅनिमे मालिका पाहते. आजीच्या हातच्या स्ट्रॉबेरी टार्टची चव मनात जपणारी इचिगो सेंट मारी अकादमीत तसे पदार्थ करायला शिकते, अशी तिची कथा आहे. ‘युमेइरो’ म्हणजे स्वप्नांच्या रंगाचे, हे समजले. दुसऱ्या शब्दासाठी ‘हलवाईण’ चालेल का?

उत्तर : शब्द मूळचा फ्रेंच आहे. ‘पात’ म्हणजे मळलेले पीठ. त्याच कुळातले ‘पातिसिए’ हे पुल्लिंगी आणि ‘पातिसिएर’ हे स्त्रीलिंगी रूप. जपानीत व्याकरणिक लिंग नाही आणि स्त्रीलाही पुष्कळदा ‘पातिशिए’च म्हणतात, त्यामुळे नावात आलेले स्त्रीलिंगी रूप मराठीत हरवू नये, असे मला मनापासून वाटते.

‘हलवाईण’ मात्र मला पटत नाही. सोनारीण, सुतारीण, कुंभारीण ही रूपे आपल्याकडे त्या कारागिराच्या बायकोसाठी किंवा त्या जातीतील स्त्रीसाठी वापरली गेली; तिने स्वतः ती कला शिकून घेतली आहे, हा अर्थ त्यांत आपोआप येत नाही, आणि इचिगोची तर सारी धडपड शिकण्याचीच आहे. शिवाय हलवायाचे काम कढईतले, खवा आणि पाक यांचे. हिचे लोणी, अंडी, मैदा आणि ओव्हनचे. मालिकेतच आंदो या मुलाच्या घरी पारंपरिक जपानी मिठाईचे, म्हणजे वागाशीचे, दुकान आहे. ‘हलवाई’ हा शब्द वापरायचाच तर तो त्या घराला अधिक शोभेल.

प्रश्न : मग ‘पेस्ट्री शेफ’?

उत्तर : इंग्रजीत ठीक आहे; परंतु मराठी घरांत ‘पेस्ट्री’ म्हटले की क्रीम लावलेल्या केकचा तुकडाच डोळ्यांसमोर येतो, टार्ट किंवा पफ येत नाही. मी ‘पातिसिएर’ हाच शब्द ठेवीन आणि पहिल्या उल्लेखात ‘केक, टार्ट अशा भाजलेल्या गोड पदार्थांची कारागीर’ असा खुलासा देईन. परका शब्द रुळणार नाही, ही भीती नको. पोर्तुगिजांच्या ‘पाँव’चा आपल्याकडे ‘पाव’ झाला, जपानमध्ये ‘पान’ झाला, आणि पाव भाजणाऱ्याला गोव्यात आजही पोर्तुगीज ‘पादेइरु’वरून ‘पोदेर’ म्हणतात.